नामयाची जनी, चोख्याची महारी: अभंगाच्या मुद्रेत दिसणारा समाज



तेर आपल्या जिल्ह्यात आहे, ही आपली मिरास. तेरणेच्या काठचे हे गाव फार जुने. दोन हजार वर्षांपूर्वी समुद्रापलीकडचे व्यापारी त्याला तगर म्हणून ओळखत होते. तिथल्या जुन्या वस्तू बघायला आजही जाणकार लोक लांबून येतात. पण आपल्याला तेर म्हटले की एकच आठवते, गोरोबाकाकांचे घर आणि त्यांची समाधी. चैत्र वद्य त्रयोदशीला आपण तिथे जातो, कीर्तन ऐकतो आणि थापटण्याची कथा दर वर्षी नव्याने ऐकल्यासारखी ऐकतो.

कथा सगळ्यांना पाठ आहे. संतमेळा काकांच्या अंगणात बसलेला. कोपऱ्यात मडकी थापायचे लाकडी थापटणे पडलेले. मुक्ताईने विचारले, काका, हे कशाला असते? काका म्हणाले, मडके पक्के का कच्चे ते याने कळते. मुक्ताई म्हणाली, मग आमची मडकी पण बघा की. काकांनी एकेकाच्या डोक्यावर थापटणे मारले. सगळे गप्प राहिले, नामदेवांना मात्र राग आला. काका म्हणाले, एवढे एक मडके कच्चे आहे. नामदेव रुसून पांडुरंगाकडे गेले आणि देवाने त्यांना विसोबा खेचरांकडे धाडले.

या कथेत परीक्षा कोण घेतो ते बघा. एक कुंभार. परीक्षा घ्या म्हणून कोण सांगते? एक पोरसवदा मुलगी, तीही संन्याशाचे लेकरू म्हणून जातीने वाळीत टाकलेली. ब्राह्मणाच्या पोटी जन्मूनही त्या चार भावंडांना ब्राह्मणपण मिळाले नव्हते. आणि नापास कोण होतो? तर देव ज्याच्याशी बोलतो तो. गावाच्या उतरंडीत जे खाली, ते तेरच्या त्या अंगणात वर बसले. म्हणून ही कथा आपल्या लोकांना आवडते.

पण त्याच अंगणातली दुसरी कथा आपण जरा घाईने सांगून टाकतो. काका चिखल तुडवत होते, मुखात नाम होते, आणि लेकरू रांगत पायाखाली आले. बायको पाणी आणायला गेली होती. काकांची भक्ती किती थोर, देह विसरले, असे सांगून कीर्तनकार पुढे जातात. ती बाई घागर घेऊन परत आली तेव्हा तिने काय बघितले, त्यावर फार कुणी थांबत नाही. तिने आकांत केला. काका तिला मारायला धावले. तिने विठोबाची शपथ घातली, मला हात लावू नका. काकांनी ती शपथ पाळली. मग वंश बुडेल म्हणून त्याच बाईने आपली धाकटी बहीण सवत म्हणून घरात आणली. बापाने जावयाला सांगितले, दोघींना सारखे वागवा, आणि काकांनी दोघींनाही हात लावला नाही. शेवट गोड आहे. पंढरपुरात नामदेवांच्या कीर्तनात हातही आले, लेकरूही आले. पण मधली ती वर्षे त्या दोन बहिणींनी कशी काढली असतील, हे कोणत्या अभंगात नाही. काकांचे अभंग आहेत. त्या दोघींचा एकही आपल्यापर्यंत आलेला नाही.

काकांना आम्ही उणे लेखतो असे कुणी समजू नये. काका आमचेच आहेत, आणि शपथ पाळायला त्यांनी स्वतःचे हात तोडले. सांगायचे एवढेच, की एकच माणूस वेशीत कुंभार म्हणून खालच्या पायरीवर होता आणि उंबऱ्याच्या आत धनी म्हणून वरच्या. कुंभाराच्या बायकोला मात्र दोन्हीकडे खालचीच पायरी. हे एकदा ध्यानात धरले, की संतांचे चरित्र वेगळे दिसू लागते.

आता मुद्रा बघू. अभंगाच्या शेवटी संत आपले नाव घालतात ती मुद्रा. तुकोबांची, नामदेवांची, चोखोबांची मुद्रा म्हणजे त्यांचे स्वतःचे नाव. गोरोबाकाका नावापुढे कुंभार लावतात, म्हणजे धंदा आणि जात लागली, पण नाव स्वतःचेच. जनाबाई काय लावतात? नामयाची जनी. चोखोबांच्या मालकिणीचे नाव सोयराबाई, पण त्यांच्या पुष्कळ अभंगांत ते नाव येतच नाही. तिथे मुद्रा येते, चोख्याची महारी. जनीच्या नावाला धन्याचे नाव लागले. सोयराबाईंच्या नावाच्या जागी नवऱ्याचे नाव आणि जात आली, नाव गेलेच. इतिहासकार पुष्कळ कागद शोधतात. आम्हाला वाटते, त्या काळी कोण कुठल्या पायरीवर उभा होता हे या एका शब्दात कळते.

जनाबाई आपल्या मराठवाड्याच्या, गंगाखेडच्या. आईबाप गरीब, विठ्ठलाचे भक्त. बापाने लहानपणीच पंढरपुरात दामाशेटींच्या घरी आणून सोडली. दामाशेटी म्हणजे नामदेवांचे वडील, जातीने शिंपी. म्हणजे ज्या घरात जनी मोलकरीण होती ते घरही काही वरच्या जातीचे नव्हते. पण त्या घरातही कुणीतरी दळायचे, कुणीतरी शेणी वेचायच्या, झाडलोट करायची, आणि ते कुणीतरी म्हणजे जनी. जात खालची, त्यात बाईचा जन्म, त्यात मायबाप नाहीत, त्यात दासी. आपण गोपाळपुरात काल्याला जातो तेव्हा जनीचे जाते बघतो, देवाने तिच्यासंगे दळले म्हणून हात जोडतो. जात्याची पाळू किती जड असते ते आपल्या आया-आज्यांना विचारा. एकटीला दळताना दम लागतो, समोर कुणीतरी बसावे लागते. जनीच्या समोर बसायला घरातले कुणी नव्हते, म्हणून देवाला बसावे लागले.

पदकाची कथाही तशीच. देवाचे पदक हरवले आणि सापडले जनीच्या वाकळेत. देवच रात्री तिच्याकडे येऊन विसरून गेला होता. संशय कुणावर आला? जनीवर. तिला सुळावर द्यायला नेले आणि सुळाचे पाणी झाले. नामदेवांच्या घरात माणसांची काय कमी होती? पण वस्तू हरवली की पहिला संशय धुणीभांडी करणारीवर येतो. हे सातशे वर्षांपूर्वी होते आणि अजून गेले नाही. आपल्यातल्या ज्या बाया पुण्या-मुंबईत घरकाम करतात त्यांना ही कथा समजावून सांगावी लागत नाही. आणि तरी हीच जनी बाईच्या जन्माचे वाईट वाटून घेऊ नका असे सांगते, पदर खांद्यावर टाकून भर बाजारात जायची भाषा करते. एवढे बळ तिला कुठून आले, ते तिलाच ठाऊक आणि पांडुरंगाला.

चोखोबा मंगळवेढ्याचे. देवळात पाऊल टाकायची बंदी. गळ्यात देवाचा हार दिसला म्हणून मार खाल्ला. वेठीने गावकुसाचे काम करताना कूस कोसळले आणि त्याखाली गेले, ते साल १३३८. नामदेवांनी अस्थी आणल्या आणि महाद्वारासमोर समाधी झाली. हे आपण सांगतो. सोयराबाईंचे किती सांगतो? बाळंतपण जवळ आले तेव्हा चोखोबा घरात नव्हते, बहिणीकडे निघून गेले होते. घरात दाणा नाही, जवळ बाईमाणूस नाही. महाराच्या घरी गावातली कोण सुईण येणार? तेव्हा विठोबा नणंदेचे, निर्मळेचे रूप घेऊन आला आणि त्याने बाळंतपण केले. नवरा निघून गेला हे दुःख कुठल्याही जातीच्या बाईला होऊ शकते. शेजारीण दारात येत नाही हे दुःख महाराच्या गड्यालाही होते. सोयराबाईंना दोन्ही एकाच रात्री झाले. डोक्यावर हंडा आणि कडेवर लेकरू घेऊन चालणाऱ्या बाईला कुणी विचारले, तुझे पाय हंड्याने दुखतात का लेकराने, तर ती काय सांगणार?

म्हणूनच सोयराबाईंचा विटाळाचा प्रश्न चोखोबांच्याही पुढे जातो असे आम्हाला वाटते. विटाळाचा जाब दोघांनीही विचारला. पण सोयराबाईंना विटाळ दोनदा चिकटवला होता, एकदा जातीचा आणि एकदा महिन्याचा. त्या विचारतात, ज्या देहाला विटाळ म्हणता त्या विटाळातूनच सगळे देह जन्मले, मग सोवळा राहिला कोण? हा प्रश्न पंडिताला सुचला नाही. वरच्या जातीच्या बाईला निम्मा सुचला असता, खालच्या जातीच्या गड्याला निम्मा. त्यांचा लेक कर्ममेळा तर देवालाच फटकारून बोलतो.

त्याच मंगळवेढ्याच्या कान्होपात्रा. गणिकेची लेक. घरात पैसाअडका, गाणे-नाचणे शिकलेल्या, रूप असे की बीदरच्या बादशहाकडून बोलावणे आले. सोयराबाईंच्या घरात दाणा नव्हता, कान्होपात्रांच्या घरात सगळे होते. पण त्या बाईच्या देहावर तिचाच हक्क नव्हता, आणि रूप हेच तिचे वैरी झाले. तिने विठोबाच्या पायाशी प्राण सोडला. तिचे ठिकाण देवळाच्या आत आहे, चोखोबांचे बाहेर महाद्वाराशी. दोघांचे गाव एक, देव एक.

आणि आता वरच्या टोकाला जाऊ. बहिणाबाई, देवगावच्या कुलकर्ण्यांच्या लेक, सतराव्या शतकातल्या. जातीने ब्राह्मण, म्हणजे वरची पायरी. पाच वर्षांच्याही झाल्या नव्हत्या तेव्हा तिशीच्या बिजवराशी लग्न झाले. कोल्हापुरात असताना त्यांना तुकोबांचा ध्यास लागला, स्वप्नात उपदेश झाला. नवऱ्याने बेदम मारले. का? बायकोने आपल्याला न विचारता गुरू केला, आणि तोही शूद्र. हेच एखाद्या कुणब्याच्या बायकोने केले असते तर जातीचा प्रश्न आला नसता. हेच नवऱ्याने स्वतः केले असते तर त्याला घरात कोण मारणार होते? ब्राह्मणपणाने बहिणाबाईंना मान दिला आणि त्याच ब्राह्मणपणाने कोंडूनही घातले. पुढे नवरा वळला, दोघे देहूला गेले, हा भाग निराळा. पण त्यांची मुद्रा बघा, बहिणी. स्वतःचे नाव. घरात मार खाणाऱ्या बाईलाही नाव टिकवता आले, कारण जात वरची होती. सोयराबाईंना ते आले नाही. बहिणाबाईंचे दुःख हलके होते असा याचा अर्थ कुणी काढू नये. दोघींना एकाच तराजूत घालता येत नाही, एवढाच अर्थ.

हे केवळ जुन्या काळचे म्हणून सोडता येत नाही. आपल्या दिंडीने पहिली पावले टाकली तेव्हा हा मुलूख मोगलाई होता. निजामाचे राज्य, कचेरीचा कागद उर्दूत, वरची शाळा उर्दूत. मराठी बोलणारा माणूस, मग तो कुणीही असो, सरकारदरबारी मागेच उभा. बार्शीची हद्द लागली की इंग्रजी अंमल सुरू व्हायचा. पण गावात शिरले की तोच मागे उभा राहणारा पाटील-देशमुख गादीवर बसायचा, आणि महार-मांगांनी सांगावा घेऊन पळायचे, मेलेले ढोर ओढायचे. बदल्यात वतनाचा तुकडा आणि बलुत्याची भाकर. वतन गड्याच्या नावावर, वाड्याचे अंगण झाडायला मात्र बायको. २२ आणि २३ फेब्रुवारी १९४१ या दोन दिवशी आपल्याच जिल्ह्यातल्या कसबे तडवळ्याला डॉ. बाबासाहेब आंबेडकर आले होते, महार-मांग वतनदार परिषदेला. वतन ही मिरास नसून बेडी आहे, हे त्यांचे सांगणे. निजामाचा जुलूम आणि गावाचा जुलूम या दोन्हींखाली जो होता, त्याची ती परिषद होती. याच बाबासाहेबांनी १९४८ साली अस्पृश्यांच्या उगमावरचा आपला इंग्रजी ग्रंथ तीन संतांना अर्पण केला, त्यात एक आपले चोखोबा.

पंढरपूरचे दार उघडले ते १९४७ साली. साने गुरुजी १ मे रोजी तनपुरे महाराजांच्या मठात उपोषणाला बसले आणि १० मे रोजी उपोषण सुटले. तोवर चोखोबांच्या लोकांनी चोखोबांच्या समाधीपाशीच थांबायचे. त्याच काळात केशवपन केलेली, आलवण नेसलेली ब्राह्मण विधवा गाभाऱ्यापर्यंत जाऊ शकत होती. दर्शनाला ती आत, आणि हळदीकुंकवाला, मंगलकार्याला बाहेर. तिला दुसरे लग्न नाही. महाराच्या, कुणब्याच्या विधवेला पाट लावायची मोकळीक होती, पण महाराच्या विधवेला कळसाचेच दर्शन. यातली कोण वर आणि कोण खाली, ते एका शब्दात सांगा बरे.

पुढच्याच वर्षी, १३ सप्टेंबर १९४८ ला सोलापूरकडून फौज नळदुर्गावर आली आणि १७ तारखेला निजाम शरण आला. त्याआधी रझाकारांनी गावेच्या गावे छळली, ते आपल्या घरोघरी सांगितले जाते आणि सांगायलाच हवे. पण त्यानंतर जे झाले तेही आपल्याच जिल्ह्यात झाले. राजा मुसलमान म्हणून गावातला पिंजारी, तांबोळी, शेतमजूर राजा झाला नव्हता. त्याच्याकडेही जमीन नव्हती. मार मात्र त्याने खाल्ला. सरकारने पाठवलेल्या पंडित सुंदरलाल यांच्या समितीने सर्वांत जास्त झळ बसलेल्या चार जिल्ह्यांत उस्मानाबादचे नाव लिहिले, बाकीचे गुलबर्गा, बीदर आणि नांदेड. तो अहवाल कित्येक दशके लोकांपुढे आला नाही. दोन्ही वेळेला मागे राहिल्या त्या विधवा. श्रीगोंद्याच्या शेख महंमद बाबांना संत मानणाऱ्या संप्रदायाच्या स्मरणिकेत एवढे तरी लिहिले पाहिजे.

१९५६ साली बाबासाहेबांनी धम्म स्वीकारला आणि चोखोबांच्या जातीची कितीतरी माणसे वारीच्या वाटेवरून वेगळ्या वाटेला गेली. कुणी याला वारकऱ्यांचे नुकसान म्हणतात. नुकसान खरेच, पण सहाशे वर्षे महाद्वाराबाहेर थांबलेल्या माणसाला अजून थोडे थांब म्हणायचा हक्क कुणाला होता?

आता आपल्या दिंडीचे. जुन्या वह्यांत भिशीच्या नोंदी आहेत. वीणेकरी, मृदंगी, चोपदार, टाळकरी यांची नावे बापाच्या नावासकट, काही ठिकाणी गावासकट. बायांची नोंद अशी: अमक्याची आई, तमक्याचे कुटुंब, आणि पुढे, तुळस एक, हंडा दोन. कितीतरी पानांवर नुसतेच, बाया, आणि आकडा. भाकरी त्यांनी थापल्या, पहाटे काकड्याच्या आधी उठून पाणी त्यांनीच आणले. कोरडवाहू रानातल्या गरीब घरच्या बाया राहुटीच्या कडेला झोपत, आणि ज्यांच्या घरची बैलगाडी असे त्यांच्या बाया गाडीत. बाई म्हणून दोघींनाही वीणा मिळत नव्हती, पण पाऊस आला की भिजत होती एकटी कडेची. वहीतल्या या नोंदी वाचताना जनीची मुद्रा आठवल्याशिवाय राहत नाही.

आणि आज? आपल्या कळंब, वाशी, भूम भागातली कितीतरी माणसे दसरा-दिवाळीनंतर ऊसतोडीला जातात. म्हणून त्यांना आषाढी साधते, कार्तिकी साधत नाही. कार्तिकीला ती कुठल्यातरी कारखान्याच्या फडात कोप करून राहिलेली असतात. तिथे नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात. उचल मुकादम देतो ती नवऱ्याच्या हातात. बाई दिवसभर मोळ्या बांधते, डोक्यावर वाहते, गाडी भरते, रात्री चूल पेटवते. हिशेबात ती अर्धा कोयता. कामावर नाही आली की खाडा, त्याचे पैसे कापले जातात. पाळी असो, अंगावर पाजते लेकरू असो, खाडा तो खाडाच. शेजारच्या बीड जिल्ह्यात ऊसतोड करणाऱ्या कितीतरी बायांच्या पिशव्या काढल्या गेल्याचे २०१९ साली उघड झाले आणि राज्य सरकारला चौकशी समिती नेमावी लागली. गरीब गड्याची पिशवी कुणी काढत नाही, आणि सधन घरच्या बाईला खाड्याची भीती नसते. सोयराबाईंनी विटाळाचा प्रश्न विचारला होता तो देवळाच्या दाराशी. आता तो उसाच्या फडात उभा आहे.

या अंकाच्या शेवटी शंभर वर्षांतल्या वारकऱ्यांची यादी दिली आहे. तीत बायांची नावे त्यांच्या स्वतःच्या नावाने घालायचे ठरले आहे. म्हाताऱ्या माणसांना घरोघरी जाऊन विचारले, काहींची नावे मिळाली. एका आजीला तिच्या सासूचे नाव आठवायला दोन दिवस लागले, कारण घरात ते कुणी उच्चारतच नव्हते. ज्यांची मिळाली नाहीत त्यांच्यापुढे जागा मोकळी सोडली आहे, आणि वहीतली जुनी नोंद बाजूला तशीच ठेवली आहे. आपल्या घरातल्या पणजीचे, आत्याचे, चुलत आजीचे नाव कुणाला ठाऊक असेल, तर पुढच्या एकादशीच्या भजनाला येताना चिठ्ठीवर लिहून आणावे आणि वीणेकऱ्यांकडे द्यावे. जे लोक फडावर असतील त्यांनी गावी परतल्यावर दिले तरी चालेल.